स्थानाचे नाव

दिल्लीच्या दक्षिण भागात रिंग रोडला लागून सरोजिनी नगर ही केंद्र सरकारच्या नोकरवर्गाची वसाहत आहे. स्वातंत्र्यानंतर ती उभी राहिली, तेव्हा तिचे नाव विनय नगर असे होते. विनय हा गुण खरा. परंतु गुणाचे हे नाव फार काळ टिकले नाही. पुढे सरोजिनी नायडूंच्या स्मरणार्थ वसाहतीला आजचे नाव मिळाले, आणि जुने नाव तेथील एका बंगाली शाळेच्या पाटीवर मागे उरले.

या वसाहतीच्या पूर्वेस थोड्या अंतरावर सफदरजंग रुग्णालय आहे आणि त्याच्यासमोर, अरविंद मार्गाच्या पलीकडे, १९५६ च्या कायद्याने स्थापन झालेली अखिल भारतीय आयुर्विज्ञान संस्था आहे. नैर्ऋत्येस रिंग रोड ओलांडला की रामकृष्णपुरम लागते. तेथील सरकारी कचेऱ्यांच्या एका इमारतीत वैज्ञानिक तथा तांत्रिक शब्दावली आयोगाने अनेक वर्षे काम केले. एका बाजूस मेंदूचा अभ्यास, दुसऱ्या बाजूस त्या अभ्यासाला लागणारे शब्द घडविण्याचे काम, आणि मध्ये ते शब्द ज्यांना वापरावे लागतात ती माणसे, अशी ही रचना आहे. विदर्भ-मराठवाड्याकडून रुग्णाला घेऊन आलेला माणूस अशाच एखाद्या वसाहतीत कुणा आप्ताच्या दोन खोल्यांत उतरतो, आणि रात्रीची जेवणे आटोपल्यावर रुग्णालयाचा कागद पुढे करून यजमानाला विचारतो, "हे हायपोथॅलॅमस म्हणजे काय हो?" यजमानाने त्याला काय सांगावे? मेंदूतील एका लहानशा भागाच्या नावाचा हा प्रश्न आहे. परंतु त्याचे उत्तर शोधू लागले असता नावे कशी पडतात, कशी चुकतात आणि कशी टिकतात, याचा दोन हजार वर्षांचा इतिहास उलगडू लागतो.

या नावाचे दोन भाग आहेत. 'हायपो' म्हणजे खाली. 'थॅलॅमस' हा मूळचा ग्रीक शब्द. त्याचा अर्थ घराचे आतले दालन, आणि विशेषतः नववधूचा शयनकक्ष. इसवी सनाच्या दुसऱ्या शतकात गॅलेन या वैद्याने मेंदूचे वर्णन करताना तो योजिला. डोळ्यांकडे जाणाऱ्या नाड्या मेंदूच्या ज्या आतल्या भागातून निघतात असे त्याला वाटले, त्या भागाशी त्याने हा शब्द जोडला. पुढे तो शब्द पोकळ दालनाचा न राहता दालनाच्या भिंतीतील भरीव गोळ्याचा झाला. १६६४ साली टॉमस विलिस या इंग्रज वैद्याचा मेंदूच्या रचनेवरील ग्रंथ प्रसिद्ध झाला, तेव्हा हे स्थित्यंतर घडून चुकले होते. ज्यात कोणी राहू शकत नाही अशा गोळ्याला 'दालन' म्हणावयाचे, ही विसंगती कोणालाही खटकली नाही. कारण तोपर्यंत तो शब्द वापरणाऱ्यांपैकी फार थोड्यांना त्यातील दालन दिसत होते.

या नावातील दुसरी चूक मात्र अधिक महाग पडली. त्या गोळ्याला नुसते थॅलॅमस न म्हणता 'दृष्टीचे थॅलॅमस' म्हणण्याची रीत पडली, आणि ती एकोणिसाव्या शतकातील पाठ्यपुस्तकांपर्यंत चालत आली. वस्तुतः डोळ्याची नाडी तेथून उगम पावत नाही. ती डोळ्याच्या पडद्यापासून निघते. तिचे बहुतेक तंतू थॅलॅमसच्या मागील बाजूच्या एका लहानशा उंचवट्यात येऊन थांबतात. उरलेल्या गोळ्याचा संबंध स्पर्श, वेदना, श्रवण, हालचाल अशा अनेक व्यापारांशी आहे. वास सोडला तर बाहेरून येणारी प्रत्येक संवेदना मोठ्या मेंदूच्या पृष्ठभागाकडे जाताना येथे एकदा थांबते. 'दृष्टीचे' हे विशेषण त्या गोळ्याच्या एका कोपऱ्याचे काम सर्व गोळ्याच्या माथी मारीत होते. ते गळून पडले आणि मूळचा निरर्थक झालेला 'थॅलॅमस' हा शब्द तेवढा राहिला. तो निरर्थक होता म्हणूनच निरुपद्रवी ठरला.

मेंदूच्या शब्दकोशात अशी उदाहरणे विखुरलेली आहेत. मेंदूच्या तळाशी लोंबणाऱ्या वाटाण्याएवढ्या ग्रंथीला इंग्रजीत पिट्युटरी म्हणतात. लॅटिन भाषेत 'पिट्युइटा' म्हणजे कफ. मेंदूत साठलेला कफ या ग्रंथीवाटे गळून नाकात उतरतो, अशी जुन्या वैद्यांची समजूत होती, आणि ती समजूत नावात गोठून बसली. सतराव्या शतकात समजूत खोटी ठरली. नाव तसेच राहिले. हिंदीत त्याच ग्रंथीला 'पीयूष ग्रंथि' म्हणतात. पीयूष म्हणजे अमृत. युरोपात कफाचे भांडे ठरलेली ग्रंथी हिंदुस्थानात येऊन अमृताचा कलश झाली! मराठी विश्वकोशाने 'पोष ग्रंथी' असा मधला मार्ग पत्करला आहे.

मराठीने आपल्या बाजूनेही अशी नावे ठेवली आहेत. नसांना मराठीत 'ज्ञानतंतू' म्हणण्याची जुनी रीत आहे. डोळ्याच्या किंवा कातडीच्या नसेपुरते ते ठीकच. परंतु हाताचा स्नायू आखडावयास लावणारी नस ज्ञान आणीत नाही, आज्ञा नेते. तिला ज्ञानतंतू म्हणावे तर अर्थाचा विपर्यास होतो. 'मज्जातंतू' हा दुसरा शब्द घेतला, तर आयुर्वेदातील मज्जा म्हणजे हाडाच्या पोकळीतील मऊ द्रव्य. तिचा नसांशी संबंध नाही. तरीही मज्जातंतू म्हटले की मराठी माणसाला हाड आठवत नाही, नसच आठवते. शब्दाची व्युत्पत्ती एक सांगते आणि वहिवाट दुसरेच सांगते, तेव्हा कौल वहिवाटीच्या बाजूने लागतो.

आता 'हायपोथॅलॅमस' या शब्दाकडे वळावे. हा शब्द प्राचीन नाही. विल्हेल्म हिस हे लाइपझिग येथील शारीरशास्त्राचे प्राध्यापक. गर्भावस्थेत मेंदू कसा घडत जातो, याचा त्यांनी सूक्ष्म अभ्यास केला. वाढत्या गर्भाच्या मेंदूत मधल्या पोकळीच्या भिंतीवर एक आडवी खाच दिसते. त्या खाचेच्या वरचा भाग पुढे थॅलॅमस होतो. खालच्या भागाला स्वतंत्र नाव हवे होते. १८९३ साली हिस यांनी त्याला हायपोथॅलॅमस म्हटले. दोनच वर्षांनी, १८९५ मध्ये, स्वित्झर्लंडमधील बाझल येथे शारीरशास्त्रज्ञांनी शरीराच्या भागांच्या नावांची एक सर्वमान्य यादी स्वीकारली. निरनिराळ्या देशांत व ग्रंथांत मिळून तोवर सुमारे पन्नास हजार नावे प्रचारात होती, ती साडेपाच हजारांच्या आसपास आणली गेली. त्या यादीत हिस यांच्या शब्दाला जागा मिळाली.

येथे ध्यानात घेण्याजोगी गोष्ट ही की, हा भाग काय करतो याची १८९३ साली जवळजवळ काहीच कल्पना नव्हती. हिस यांनी तसा दावाही केला नाही. त्यांचा शब्द एवढेच सांगतो की, ही वस्तू अमुक वस्तूच्या खाली आहे. पोस्टाच्या पत्त्याप्रमाणे तो कोरडा आहे. त्या पत्त्यावर कोण राहते याचा शोध घेण्यास पुढील संशोधकांना पूर्ण मोकळीक राहिली.

तो शोध विसाव्या शतकात लागू लागला. १९०८ साली लंडनमध्ये हॉर्सली आणि क्लार्क यांनी असे एक उपकरण वर्णिले की, ज्यायोगे प्राण्याच्या डोक्याभोवती चौकट बसवून मोजमापाने मेंदूच्या खोल भागातील नेमक्या बिंदूपर्यंत सुई नेता येते. या रीतीचा उपयोग करून १९४० मध्ये अमेरिकेत हेदरिंग्टन आणि रॅन्सन यांनी दाखविले की, उंदराच्या हायपोथॅलॅमसच्या मध्याजवळील भागाला इजा केली तर तो फुगत जातो. मग उलट परिणाम करणारी जागा कोठे असावी?

या प्रश्नाचे उत्तर ज्यांच्या हातून मिळाले, ते बाळकृष्ण आनंद दिल्लीचे. लाहोरात जन्मलेले हे शरीरक्रियाशास्त्रज्ञ दिल्लीच्या लेडी हार्डिंज वैद्यकीय महाविद्यालयात अध्यापन करीत असत. तेथून ते अमेरिकेतील येल विद्यापीठात गेले. तेथे जॉन ब्रोबेक यांच्यासह त्यांनी उंदीर व मांजरे यांवर केलेले प्रयोग १९५१ साली प्रसिद्ध झाले. हायपोथॅलॅमसच्या दोन्ही बाजूंच्या कडेच्या भागात विजेच्या प्रवाहाने अगदी लहान इजा केली, तर प्राणी खाणेच सोडतो. समोर अन्न असूनही तो उपाशी मरतो. त्या जागेला त्यांनी 'अन्नग्रहणाचे केंद्र' म्हटले. आनंद पुढे नव्या आयुर्विज्ञान संस्थेत शरीरक्रियाविज्ञानाचे प्राध्यापक झाले, आणि तेथे त्यांनी व त्यांच्या सहकाऱ्यांनी रक्तातील साखरेच्या चढउताराबरोबर या केंद्रांतील विजेचे स्पंदन कसे बदलते, याचे मोजमाप केले. १९६३ चे शांतिस्वरूप भटनागर पारितोषिक त्यांना लाभले. भूक कोठून उठते, या प्रश्नाच्या इतिहासातील एक महत्त्वाचे पान सरोजिनी नगरच्या शेजारी लिहिले गेले आहे.

पुढची हकीकत मात्र नावांच्या दृष्टीने अधिक बोधप्रद आहे. 'अन्नग्रहणाचे केंद्र' हे कार्यावरून ठेवलेले नाव होते, आणि वीस वर्षांतच त्याच्याविषयी शंका उपस्थित झाल्या. हायपोथॅलॅमसच्या कडेच्या भागातून, मेंदूच्या एका टोकाकडून दुसऱ्या टोकाकडे जाणारे तंतूही जातात. सुईने इजा होते तेव्हा तेथील पेशींबरोबर हे वाटसरू तंतूही तुटतात. असा प्राणी अन्नाकडेच पाठ फिरवितो असे नाही. तो एकंदरीत हालचालीलाच नाखूश असतो, अंगाला झालेल्या स्पर्शाचीही दखल घेत नाही. १९७१ च्या सुमारास हे स्पष्ट होऊ लागले. म्हणून आनंदांचे निरीक्षण खोटे ठरले असे नव्हे. ते आजही खरेच आहे. त्या जागेवर चिकटविलेली पाटी तेवढी अपुरी ठरली.

१९९८ साली त्याच कडेच्या भागातील काही पेशींत एक नवे द्रव्य सापडले. ते एकाच वेळी दोन गटांना सापडले आणि दोघांनी त्याला दोन नावे दिली. एका गटाला ते द्रव्य भूक वाढविणारे वाटले. त्याने 'भूक' या अर्थाच्या ग्रीक शब्दावरून त्याला 'ओरेक्सिन' म्हटले. दुसऱ्या गटाने ते हायपोथॅलॅमसमध्ये सापडते आणि सिक्रेटिन नावाच्या जुन्या द्रव्याशी त्याचे साम्य दिसते, म्हणून 'हायपोक्रेटिन' हे नाव ठेवले. लवकरच असे आढळून आले की, या द्रव्याचे मुख्य काम माणसाला जागे ठेवणे हे आहे. ज्यांच्या मेंदूतील या पेशी नष्ट होतात, त्यांना दिवसाढवळ्या अनावर झोपेचे झटके येतात. भुकेचे नाव अशा रीतीने अर्धे चुकले. सिक्रेटिनशी असलेले साम्यही पुढे फारसे टिकले नाही. दोन्ही नावे आजतागायत चालू आहेत. त्या चार घटकांपैकी निर्विवाद राहिला तो एकच. हायपोथॅलॅमसचा 'हायपो', म्हणजे स्थान सांगणारा.

एवढ्यावरून स्थानाचे नाव नेहमीच बिनधोक असते, असा निष्कर्ष मात्र काढता येणार नाही. थॅलॅमसच्या खाली 'सबथॅलॅमस' नावाचाही एक भाग आहे. 'सब' हा लॅटिन, 'हायपो' हा ग्रीक. दोहोंचा अर्थ 'खाली' हाच. व्युत्पत्तीने पाहिले तर हे दोन शब्द एकच होत. प्रत्यक्षात हे दोन भाग शेजारी असले तरी भिन्न आहेत. सबथॅलॅमसमधील मसुराच्या आकाराच्या एका पुंजाला विजेची उत्तेजना देऊन पार्किन्सनच्या रोगावर उपचार करण्यात येतो; हायपोथॅलॅमसचा कारभार भूक, तहान, झोप, शरीराचे तापमान आणि पिट्युटरी ग्रंथीचे नियंत्रण यांचा आहे. सुमारे चौदाशे ग्रॅमच्या मेंदूत जेमतेम चार ग्रॅमचा हा भाग. भाषांतर करणाराने दोन्ही ठिकाणी 'अधः' लावले, तर एका रुग्णाचा रोग दुसऱ्याच्या माथी जावयाचा. शब्दांतील भेद येथे ग्रीक-लॅटिनच्या कोशात सापडत नाही. तो वैद्यांच्या शतकभराच्या वापराने पाडलेला आहे.

असे शब्द भारतीय भाषांत आणण्याचा उद्योग जुना आहे. शिवकालात राज्यव्यवहारकोश सिद्ध झाला, तेव्हा फारसी शब्दांच्या जागी संस्कृत शब्द योजण्यात आले. त्यांतील काही रुजले, काही कोशातच राहिले. 'पेशवा' या शब्दाच्या जागी 'मुख्य प्रधान' हा शब्द मिळाला खरा. परंतु त्यानंतर शंभर वर्षांहून अधिक काळ महाराष्ट्राने ज्यांच्या नावाने कारभार पाहिला, ते पेशवेच राहिले. विसाव्या शतकात डॉ. रघुवीर यांनी नागपुरात व नंतर दिल्लीत बसून संस्कृत धातूंच्या आधारे विज्ञानाची संपूर्ण परिभाषा रचण्याचा प्रचंड उद्योग केला. राष्ट्रपतींच्या २७ एप्रिल १९६० च्या आदेशाला अनुसरून १९६१ साली शब्दावली आयोग स्थापन झाला, आणि पदार्थवैज्ञानिक दौलतसिंह कोठारी त्याचे पहिले अध्यक्ष झाले. १९६० मध्येच महाराष्ट्र शासनाचे भाषा संचालनालय निघाले, आणि तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री जोशी यांच्या नेतृत्वाखाली विश्वकोशाचे काम वाईस सुरू झाले.

या सर्वांपुढे थॅलॅमसचा प्रश्न आला. आयुर्वेद महाविद्यालयांच्या संस्कृतप्रचुर शारीरग्रंथांत त्याला 'आज्ञाकंद' असे नाव आहे. नाव भारदस्त आहे, पण ते आज्ञेचे काम सांगते. आणि थॅलॅमस हे प्रामुख्याने संवेदनांचे ठाणे. हिंदी परिभाषेने 'चेतक' हा शब्द पत्करला आणि हायपोथॅलॅमस 'अधश्चेतक' झाला. चेतना जागविणारा तो चेतक, ही कल्पना अगदीच निराधार नाही. परंतु मराठी कानाला चेतक म्हटले की राणा प्रतापाचा घोडा आठवतो, आणि १९७२ नंतरच्या पिढीला आकुर्डीची स्कूटर. मराठी विश्वकोशाने 'अधोथॅलॅमस' असा शब्द वापरला. संस्कृत उपसर्ग आणि ग्रीक नाम यांची ही जोडी शुद्धिवाद्यांना रुचणारी नाही. पण मराठीने असले संबंध कधीच निषिद्ध मानले नाहीत. 'गैरसमज', 'गैरसोय', 'बेभान' यांतील उपसर्ग अरबी-फारसी आणि पुढचे शब्द घरचे. त्यांच्या संसारात कधी कलह ऐकू आला नाही.

अधोथॅलॅमस या शब्दाचा खरा गुण त्याच्या नम्रतेत आहे. तो जागा सांगतो आणि गप्प बसतो. त्याचा दोषही तितकाच खरा आहे: तो बोलण्यात आला नाही. मराठी डॉक्टर रुग्णाशी बोलताना हायपोथॅलॅमसच म्हणतो आणि रुग्ण त्याच्या मागे अडखळत तेच म्हणतो. परिभाषा घडविणाऱ्यांचा समज असा होता की, शब्द अचूक घडविला म्हणजे तो चालू लागेल. परंतु शब्द कोशात जन्मला तरी वाढतो तो वर्गात, दवाखान्यात, घरच्या बोलण्यात. शरीरशास्त्र मराठीतून शिकविले गेले असते, तर 'आज्ञाकंद' हा चुकीचा शब्दसुद्धा मज्जातंतूसारखा निर्वेध चालला असता. वर्गच नसल्यामुळे अचूक शब्दही कोशात पडून राहिला.

या विवेचनातून रुग्णाच्या नातेवाइकासाठी काय निघते? यजमानाने शब्द फोडून 'वधूच्या दालनाखाली' असे सांगितले, तर ती विद्वत्ता होईल, उत्तर होणार नाही. 'भुकेचे केंद्र' असे सांगितले, तर उत्तर सोपे होईल. परंतु ज्याच्या रुग्णाला झोपेची वा तापाची व्यथा आहे, तो माणूस आपल्याला भलत्याच रोगाचा कागद मिळाला असे समजेल. कागदावरचा शब्द जसाच्या तसा त्याला उच्चारता यावा, म्हणजे उद्या डॉक्टरांपुढे त्याची जीभ अडखळणार नाही, ही पहिली गोष्ट. दुसरी ही की, मेंदूच्या तळाशी, मध्यावर, थॅलॅमस नावाच्या गोळ्याच्या खाली ही जागा आहे, एवढे त्याला बोटाने दाखवावे. भूक, तहान, झोप, अंगातील ऊब आणि ग्रंथींचे स्राव यांची व्यवस्था तेथून होते, म्हणून तेथील लहानशा बिघाडाची लक्षणे साऱ्या शरीरभर दिसू शकतात, हे मागून सांगावे. जागा आधी, काम नंतर. विज्ञानालाही ते याच क्रमाने कळले.

सरोजिनी नगरच्या जुन्या क्वार्टरांच्या जागी उंच इमारती बांधण्याच्या योजनेला २०१६ साली केंद्रीय मंत्रिमंडळाने मान्यता दिली. २०१८ मध्ये या भागातील वसाहतींतील वृक्षतोडीवरून दिल्लीत मोठे आंदोलन झाले आणि प्रकरण उच्च न्यायालयात गेले. त्याच वर्षीच्या ऑगस्टमध्ये तेथे मेट्रोचे स्थानक उघडले. त्याच्या पाटीवर सरोजिनी नगर हेच नाव आहे. परगावाहून रुग्णाला घेऊन येणाऱ्या माणसाला विनय नगर ठाऊक नसते, आणि वसाहतीचे नाव कोणी का बदलले याच्याशीही त्याला कर्तव्य नसते. कोणत्या स्थानकावर उतरावयाचे आणि तेथून रुग्णालय कोणत्या दिशेला, एवढे त्याला नीट कळले म्हणजे पुरे. मेंदूतील त्या चार ग्रॅमच्या जागेविषयीही त्याची मागणी याहून वेगळी नाही.